आदल्या दिवशीचा पास्ता

"यात अंडंबिंडं नाही ना हो, ताई?" खालच्या मजल्यावरच्या ईश्वरीने फोनवर तिसऱ्यांदा विचारलं, तेव्हा कौमुदी बीफचा खिमा परतत होती.

"सोया आहे गं बाई, निव्वळ सोया," कौमुदी म्हणाली आणि आच थोडी वाढवली.

काय ही बावळट बाई! तीन वर्षं टोक्योच्या निशी-कसाई भागात राहून हिला अजून कचऱ्याचे वार कळत नाहीत, आणि हिच्या घरी उद्या बाळासाहेब जेवणार. भूकंपानंतर मुंबईहून आलेली निम्मी मंडळी गाशा गुंडाळून पळाली होती. कंपनीच्या टोक्यो ऑफिसात उरली दोनच कुटुंबं, एकाच इमारतीतली. वर कौमुदी आणि अंबरीष, खाली संजीव आणि ईश्वरी. आता मुख्य ऑफिसचे बाळासाहेब आले होते. या दोघांतलं एक कुटुंब ते इथे ठेवणार होते आणि दुसरं परत पाठवणार होते. परत म्हणजे डोंबिवलीची दोन खोल्यांची जागा आणि सासूबाईंचं राज्य. तिथे जाण्यापेक्षा कौमुदी इथे भूकंपात गाडली गेली असती.

आणि त्या लोचट संजीवने विमानतळावरच साहेबांना शनिवारच्या जेवणाचं आमंत्रण देऊन टाकलं, वर या दोघांनाही या म्हणाला. अंबरीष बसला बघत. तोंडाला कुलूप लावून जन्माला आलेला माणूस, त्याच्याकडून दुसरी काय अपेक्षा?

मग ईश्वरी रडत वर आली होती. भाकरी, पिठलं, भरली वांगी सगळं येतं, पण टोक्योतल्या घरी काहीतरी वेगळं नको का? कौमुदीने तिच्या पाठीवरून हात फिरवला आणि एक पदार्थ करून द्यायचं कबूल केलं.

"कृती नीट ऐकून ठेव," ती आता फोनवर म्हणाली. "साहेबांनी विचारलं तर त-त-प-प नको. सोया भिजवून घट्ट पिळायचा, कांदा-लसणावर परतायचा. लोण्यावर मैदा भाजून दूध घालायचं, सॉस दाटला की क्रीम. पास्ता जरा कच्चाच उतरवायचा, नाहीतर लगदा होतो. थर लावायचे, वर चीज. रात्रभर फ्रीजमध्ये मुरला की दुसऱ्या दिवशी ओव्हनमध्ये ढकलायचा, झालं."

"जायफळ किती, ताई?"

"चिमूटभर. आणि हे बघ, तूच केलंस म्हणून सांग. माझं नाव अजिबात नको."

"किती करता हो तुम्ही आमच्यासाठी." ईश्वरी म्हणाली.

कौमुदीने फोन ठेवला आणि खिम्यावर मिरपूड भुरभुरली. बाळासाहेबांच्या गळ्यात तुळशीची माळ होती. टोक्योत आले की हॉटेलच्या खोलीत खिचडीचा कुकर लावणारा माणूस. त्यांनी दोन-चार घास मनापासून खाल्ले की कौमुदी वास घेणार, दचकणार आणि खरं काय ते सांगणार. मग संजीव-ईश्वरीला टोक्योपासून मुंबईपर्यंत कोणी विचारणार नाही.

मांसाचा ट्रे तिने घरच्या कचऱ्यात टाकला नाही. इथल्या पारदर्शक पिशव्यांतून सगळ्यांना सगळं दिसतं. तिने तो कोंबिनीच्या, म्हणजे कोपऱ्यावरच्या चोवीस तास उघड्या दुकानाच्या, डब्यात नेऊन टाकला. दुपारी काचेचं भांडं ईश्वरीच्या हातात दिलं तेव्हा ती चक्क वाकून पाया पडायला निघाली. कौमुदीला हसू आवरेना.

शनिवारी पास्ता टेबलावर आला तो पांढऱ्या चिनी मातीच्या भांड्यात. वरचं चीज एका कोपऱ्यात करपलेलं. म्हणजे बाईसाहेबांनी काचेचं भांडं लपवून सगळं आपल्या भांड्यात काढलं होतं. फुकटचा मोठेपणा मिळवायची केवढी हौस! बरंच झालं, आता वरच्या मजल्याचा संबंधच उरला नाही.

"हे तुम्ही केलंत?" बाळासाहेबांनी विचारलं.

"हो. मीच केलं." ईश्वरी लाजली.

खोटं बोलताना पापणीही लवली नाही, कौमुदीच्या मनात आलं. वरून गरीब गाय, आतून पक्की.

बाळासाहेबांनी दुसऱ्यांदा वाढून घेतलं. "सुरेख झालंय हो. इतक्या दिवसांत पहिल्यांदा पोटभर जेवतोय," ते म्हणाले. संजीवचा चेहरा फुलला. अंबरीष खाली मान घालून जेवत होता. कौमुदीने ताटातला पास्ता चमच्याने उचलला, नाकाशी नेला आणि चमचा खाली ठेवला.

"सर, खाऊ नका."

सगळे थांबले.

"ईश्वरी, अगं काय वाढलंस हे? हे बीफ आहे."

बाळासाहेबांचा हात माळेकडे गेला. त्यांनी चमचा खाली ठेवला. संजीव उठून उभा राहिला.

"सोया आहे हो, ताई," ईश्वरी कशीबशी म्हणाली.

"मला शिकवू नकोस. मला वास ओळखता येतो. शपथेवर सांगते, हे बीफच आहे. सरांची माळ तरी बघायची होतीस."

ईश्वरीचे डोळे भरले. तिने एकदा बाळासाहेबांकडे पाहिलं, एकदा कौमुदीकडे.

"तुम्ही रागावाल म्हणून बोलले नाही, ताई. काल फ्रीजमध्ये जागा करत होते, तेवढ्यात भूकंपाचा धक्का आला आणि तुम्ही साहेबांसाठी दिलेलं भांडं ओट्यावरून पडलं. काचेचा चुरा झाला, सगळं फेकावं लागलं. मग तुम्ही फोनवर सांगितलं तसं मी पुन्हा केलं. इंडियन दुकानातून सोया आणला, माझ्या हाताने भिजवला."

अंबरीषने जेवण थांबवून बायकोकडे पाहिलं.

बाळासाहेबांनी खाली ठेवलेला चमचा पुन्हा उचलला, एक घास सावकाश खाल्ला आणि विचारलं, "तुमच्या भांड्यात काय होतं, कौमुदीबाई?"