दरीचा सूर

आमच्या दुकानामागची दरी दिवसभर एकच सूर धरून असते, वारा असो वा नसो. मी व्हायोलिनं दुरुस्त करतो. मागची खिडकी उघडायची, दरीचा सूर ऐकायचा आणि त्याला तार मिळवायची, ही वडिलांपासूनची पद्धत.

आज पोटभर जेवण झालं होतं, पाठीवर ऊन होतं. खिडकी उघडायचाही आळस आला. तार अंदाजानेच लावली.

"दरीला विचारलंत का?" आत गुणगुणत भांडी विसळणारी बायको म्हणाली. तिचे कान तिखट.

तार जरा उतरलीच होती. खिडकी उघडली, तर दरीही तेवढीच उतरलेली.

मी खुंटी पिळली. तार चढली, दरीही चढली. सैल केली, दरी उतरली. या वयात असं खेळणं मिळालं म्हणून मी खूश. पुन्हा पिळत गेलो, तार तुटायच्या बेतात आली तेव्हा थांबलो आणि हसत व्हायोलिन खाली ठेवलं.

तेवढ्यात दरीतून खुंटी पिळल्यासारखी करकर ऐकू आली.

आत बायकोचं गुणगुणणं थोडं चढलं.

पुन्हा करकर झाली. ते आणखी थोडं चढलं.