भरल्या पिंपाचा आवाज

डाव्या हाताचं मधलं बोट छातीवर आडवं ठेवायचं आणि उजव्या हाताच्या बोटाने त्यावर टकटक करायची. कानसेनांनी बाथरूमच्या आरशासमोर तेच केलं. वरपासून खालपर्यंत आवाज पोकळ, खणखणीत. तरी त्यांचं समाधान होईना. छातीत पाणी परत भरलंय आणि घरातली माणसं आपल्यापासून लपवताहेत, हे त्यांच्या डोक्यात पक्कं बसलं होतं.

कानसेन हे नाव गोदामातलं. तेलाच्या गोदामात त्यांनी छत्तीस वर्षं पिंपं ठोकली. झाकण न उघडता वरून खाली ठोकत यायचं. जिथे आवाज बसतो, तिथे तेलाची पातळी. वाटेत कुणी तेल लांबवलं असलं तर दोन ठोक्यांत पकडायचे. इतकी वर्षं चोर पकडण्यात गेल्यावर माणूस घरच्यांकडे तरी सरळ नजरेने कसा बघणार?

गेल्या वर्षी त्यांना खरंच पाणी झालं होतं. डॉक्टरीणबाईंनी नीट समजावलं होतं. फुफ्फुसाभोवती दोन पातळ पडदे असतात, मध्ये चमचाभर ओल असते, तुमच्या तिथे सव्वा लिटर साचलंय. बाईंनी पाठ ठोकून पातळी शोधली, तेव्हा धाप लागलेली असतानाही कानसेन खूश झाले. "अहो बाई, हा तर आमचा धंदा," असं म्हणून बोट कसं ठेवायचं ते त्यांनी शिकूनच घेतलं. मग सुईने पाणी काढलं, सहा महिने गोळ्या झाल्या, आणि बाईंनी ठणठणीत म्हणून घरी पाठवलं.

मग आता ही कुजबुज कसली? लेकीचा फोन आला की बायको गॅलरीत जाऊन बोलायची. दोनदा ती बहिणीकडे म्हणून गेली, आणि दुसऱ्यांदा तर बहिणीचाच फोन आला, "ताई आहे का घरी?" जिन्यात ती प्रत्येक मजल्यावर थांबायची. "थांबा जरा, तुम्हाला दम लागेल." दम त्यांना अजिबात लागत नव्हता. दुपारी पडायची तीही तीन उशा पाठीशी घेऊन, बसल्या बसल्याच. विचारलं तर म्हणाली, "असं बसलं की तुमच्यावर लक्ष राहतं." चालत्याफिरत्या माणसावर कोण असं लक्ष ठेवतं?

आज ती भाजी आणायला खाली उतरली आणि त्यांनी घराची झडती घेतली. शिवणयंत्राच्या खणात, चिंध्यांच्या तळाशी, एक्स-रे सापडला. तो त्यांनी खिडकीशी उजेडात धरला. एका बाजूचा खालचा निम्मा भाग पांढराफटक. मधलं हृदयही फुगल्यासारखं. कोपऱ्यातली बारीक अक्षरं चष्म्याशिवाय लागेनात, आणि चष्मा शोधायची त्यांना गरज वाटली नाही. पातळी ओळखायला त्यांना कधीच चष्मा लागला नव्हता. मरणाची भीती वाटतच होती, पण त्याहून जास्त राग आला होता.

बायको दार ढकलून आत आली. पिशवी खाली ठेवून ती भिंतीला हात टेकून उभी राहिली. मग तिला त्यांच्या हातातला एक्स-रे दिसला.

"किती दिवस लपवणार होतीस?" कानसेन म्हणाले.

"खण कशाला उचकलात?"

"माझ्या छातीतलं पाणी, आणि मलाच पत्ता नाही. तुम्ही मायलेकी संगनमत करून बसलात. आता किती दिवस राहिलेत, तेवढं तरी खरं सांग."

ती स्टूल ओढून बसली आणि त्यांच्याकडे बघत राहिली. मग श्वास घेत घेत म्हणाली, "रोज बाथरूममध्ये ठोकत बसता. मला बाहेर ऐकू येतं. कसा येतो हो आवाज?"

"पोकळ."

"आणि तुमचा कान कधी चुकलाय?"

"छत्तीस वर्षांत एकदाही नाही," ते तोऱ्यात म्हणाले.

"मग?"

कानसेनांनी हातातल्या एक्स-रेकडे पाहिलं. त्यांना जिना आठवला. तीन उशा आठवल्या. भिंतीवर तिचा हात आत्ता टेकला होता, ती जागा त्यांनी पाहिली.

"सोमवारी सुईने काढणार आहेत," ती सांगू लागली. "हृदयाच्या पडद्यातही थोडं आहे म्हणतात. कशाने झालंय ते पाणी तपासल्यावर कळेल. तुमच्या गोळ्या आत्ता कुठे संपल्या होत्या, म्हणून म्हटलं..." पुढचं बोलायला तिचा श्वास पुरला नाही.

एक्स-रे टेबलावर ठेवून कानसेन तिच्या मागे जाऊन उभे राहिले. बोट तिच्या पाठीवर ठेवलं आणि ठोकलं. खांद्याजवळ पोकळ. चार बोटं खाली, पोकळ. आणखी थोडं खाली आले आणि आवाज बसला. त्यांनी बोट सरकवून पुन्हा ठोकलं. मग पुन्हा. तिथून खाली कंबरेपर्यंत नुसतं बद्द वाजत होतं.

"काय म्हणतोय तुमचा कान?" तिने मान न वळवता विचारलं.

कानसेनांनी बोट उचललं नाही.

"काही कळत नाही गं," ते म्हणाले. "कान गेलाय माझा."