ठोंब्या जेवत नाही

बाथरूमचं दार घट्ट लावून गुणाजी स्टुलावर बसले होते. पुढ्यात कढत पाण्याची बादली, मांडीवर टॉवेलात गुंडाळलेला ठोंब्या. बोक्याचं नाक गच्च भरलेलं. तोंड उघडून तो श्वास ओढत होता.

"बाबा, काही फरक?" बाहेरून सुनेनं, दर्शनानं विचारलं.

"घरघरता अजून."

तीन दिवस ठोंब्यानं अन्नाला तोंड लावलं नव्हतं. सकाळी डॉक्टरांनी बजावलं होतं, "मांजराला वास आला नाही तर ते खात नाही. वाफ द्या, नाक पुसा, उग्र वासाचं काहीतरी गरम करून द्या. संध्याकाळपर्यंत खाल्लं नाही तर घेऊन या. नळी घालावी लागेल."

चार वाजले. गुणाजींनी ठोंब्याला खांद्यावर घेतलं आणि तव्यावर सुकट टाकली. ओट्याला टेकून ते ओल्या कापसानं त्याचं नाक पुसत राहिले. दर्शना आतल्या खोलीत दवाखान्याला फोन लावत होती. तिथपर्यंत करपल्याचा वास आला. ती धावत आली. स्वयंपाकघरात धूर झाला होता, आणि गुणाजी तव्याकडे पाठ करून निवांत उभे.

"बाबा, करपतंय!" तिनं गॅस बंद केला. "तुम्हाला कळलं कसं नाही?"

गुणाजी ओशाळले. "माका वास येणा नाय."

"कधीपासून?"

"कोरोना झाललो ना, तेव्हापासून."

दर्शना बघतच राहिली. इतकी वर्षं ताटात निम्मं टाकून उठणारा हा माणूस. तिनं दोनदा मसाला बदलला होता.

"मला वाटायचं, माझ्या हाताला चव नाही."

"तू हौशीन करतंस. तुका काय सांगू?"

"मग जेवता कसे?"

"आठवून." ठोंब्याच्या डोळ्यांतली चिपडं टिपत ते म्हणाले, "ह्येका ता जमाचा नाय."

तिनं तव्यावरची न करपलेली सुकट वेचली, कोमट पाण्यात कुस्करली आणि तळहातावर घेऊन ठोंब्याच्या नाकाशी धरली. त्यानं मान फिरवली. पुन्हा धरली. पुन्हा तेच. गुणाजींनी परत नाक पुसलं. ठोंब्या दोघांच्या अंगावर सणसणीत शिंकला. मग त्याच्या नाकपुड्या हलल्या. खरखरीत जीभ तिच्या तळहाताला लागली. थांबली. परत लागली.

दोघंही जागची हलली नाहीत.

"खाता?"

"खातोय, बाबा."

गुणाजींनी मान खाली घालून बोक्याच्या डोक्यावरून बोट फिरवलं.

"दर्शना, कसो येता गो वास? सांग बघू."

हात तसाच धरून दर्शनानं डोळे मिटले आणि ती सांगू लागली.