दोनशे बारा नंबरची कथा

"ही कथा छापली नाही, तर मी आज जेवणार नाही," शेंडेफळ म्हणाली. संपादकबाईंनी चष्म्यावरून तिच्याकडे पाहिलं आणि आधी बस म्हणून सांगितलं.

शेंडेफळ म्हणजे मासिकातली इंटर्न. सगळ्यांत धाकटी, म्हणून पहिल्याच आठवड्यात हे नाव तिला चिकटलं. टपालानं आलेल्या कथा वाचायच्या आणि नकाराची पत्रं लिहायची, हे तिचं काम. तीन महिने नकार लिहून लिहून हात दुखले, आणि काल दोनशे बारा नंबरची कथा हाती लागली. वाचता वाचता चहा गार झाला. घरी जाऊन आईला ती अख्खी वाचून दाखवली, तेव्हा कुठे तिला चैन पडलं.

अंकात एकच जागा उरली होती. निवड तिघांनी करायची: बाई, ती आणि मुद्रितशोधक काका. लेखकाचं नाव पाकिटात बंद, पाकीट कपाटात. तरीही लेखक ओळखीचा आहे असं कळलं, तर त्याच्या बाजूनं मत द्यायचं नाही, हा काकांनीच घालून दिलेला शिरस्ता. काका तसे कडकच. आलेल्या लग्नपत्रिकेतल्या चुकाही ते लाल पेन्सिलीनं दुरुस्त करून परत पाठवत.

"माझं मत विरोधात," काका कागदांकडे न बघताच म्हणाले. "अकराव्या पानावर लेखक घाबरलाय. पुढे नुसती सारवासारव."

शेंडेफळाच्या अंगाची लाही लाही झाली. या माणसाला जन्मात कधी काही आवडलंय का? कथेतला म्हातारा रोज आपलं बंद पडलेलं दुकान उघडतो, झाडतो आणि पुन्हा कुलूप लावतो. तेवढंच, पण तिच्या डोक्यातून ते जात नव्हतं.

"घाबरलाय म्हणूनच तर खरा वाटतो, काका," ती म्हणाली. "या माणसानं आयुष्यभर लिहायचं टाळलं असणार. आज आपण नाही म्हटलं, तर पुन्हा कधी लिहिणार नाही तो."

काका बराच वेळ पेन्सिलीला टोक करत राहिले. मग हळूच म्हणाले, "विरोधातच."

बाईंनी दोघांकडे पाहिलं. "घ्या ही कथा," त्या म्हणाल्या.

शेंडेफळाचा आनंद गगनात मावेना. ज्याची निवड, त्यानंच लेखकाला फोन करायचा, अशी तिथली पद्धत. तिनं पाकीट फोडलं. आत कधी न ऐकलेलं टोपणनाव आणि खाली नंबर. तीन महिन्यांत पहिल्यांदाच तिला कुणाला तरी होकार कळवायचा होता. तिनं नंबर लावला आणि फोन कानाला धरला.

समोरच्या टेबलाशी बसलेल्या काकांच्या खिशात फोन वाजायला लागला.