चौथा भाग

तिसरा भाग संपला आणि भीमाशंकर सर नारळ घेऊन स्टेजवर आले.

वाद्यवृंदाचे ऋतुराज सर हातातली कांडी वर धरून उभे होते. सिंफनी त्यांनीच रचलेली, वादक त्यांनी पुण्याहून आणलेले. वादकांच्या मागे तीन बाकांवर कुंभारीच्या चाळीस विडी कामगार बायका हिरव्या साड्यांत बसल्या होत्या. तो गायकवृंद. सव्वा तास तो गप्प होता, कारण रचनेत त्याचं गाणं फक्त चौथ्या भागात होतं.

"सर, थांबा. चौथा भाग राहिलाय," ऋतुराज म्हणाले.

"पुढच्या वर्षी घेऊ," भीमाशंकर सर हळूच म्हणाले. ते कार्यक्रम ठेवणाऱ्या मंडळाचे चिटणीस. "साहेबांना पुढं कार्यक्रम आहे. दोनला हॉल साखरपुड्याला दिलाय. तीन भागांत लोकांना पोचलं की."

"अहो, पण गाणारे चौथ्यातच आहेत."

"मग त्यांनाही एकेक गुलाबपुष्प देऊ."

साहेब म्हणजे प्रमुख पाहुणे. ते दीड तास उशिरा आले होते आणि संगीतात वेळेला किती महत्त्व असतं यावर चाळीस मिनिटं बोलले होते. त्यातलं एक मिनिटही कुणी कापलं नव्हतं. सत्कार मात्र दोनदा ठेवला होता, येताना शाल आणि जाताना नारळ. साहेब शाल खांद्यावर घेऊन पहिल्या रांगेत नारळाची वाट बघत होते. मागच्या दारातून केटररचं पातेलं आत आलं.

मधल्या बाकावर कस्तुराबाईनं शेजारणीला कोपरानं ढोसलं.

"काय म्हनतुय गं त्यो?"

"गुलाब देतंय म्हणे," शांतम्मा म्हणाली. "गाणं नको म्हणतंय."

"आन् ह्या विड्या?"

विड्या म्हणजे गप्प बसण्याचा हिशेब. ऋतुराजनी पहिल्याच दिवशी सांगितलं होतं, की गायकवृंदाला शांततासुद्धा मोजता आली पाहिजे. मात्रा काही बायकांच्या डोक्यात बसेनात. मग शांतम्मानं ठरवलं, चार मात्रांची एक विडी. तेव्हापासून वर्षभर त्या मांडीवर पदर घेऊन, हाताला सवय होती तशा, पदराखाली रिकाम्या बोटांनी विड्या वळत शांतता मोजत होत्या. इतक्या जलद विड्या कुणी वळत नाही, पण यांत तंबाखू नव्हता. पहिल्या भागाच्या तीनशे साठ, दुसऱ्याच्या पाचशे दहा, तिसऱ्याच्या दोनशे ऐंशी. कारखान्यासाठी रोज वळायच्या हजाराच्या वर. आजही चाळीस जणींची शेवटची विडी एकाच वेळी संपली होती.

"साडेअकराशे वळल्या," कस्तुराबाई म्हणाली. "एक बी वाकडी न्हाय. आन् समद्या छाट काढल्या म्हन की!"

कारखान्यात वाईट विड्या बाजूला टाकतात, त्याला छाट म्हणतात. ती कोण काढतो आणि का, हे विचारायची तिथे पद्धत नाही.

शांतम्मानं पदर मांडीवरून काढून खांद्यावर घेतला आणि ती उभी राहिली.

"ओ शांतम्मा, बसा की खाली!" भीमाशंकर सर दात न उघडता म्हणाले.

"बसूनच होतो की ओ सर. सव्वा तास."

तिच्यामागे उरलेल्या एकोणचाळीस जणी एकदम उठल्या. बाकं करकरली.

आता, सोलापुरात कार्यक्रमाच्या शेवटी गाणारे सगळे मिळून उभे राहिले, की त्याचा अर्थ एकच होतो. साहेब ताडकन उठले. हात मांड्यांना चिकटले, छाती पुढे, नजर समोर. त्यांच्यामागे पहिली रांग उठली, मग सगळं सभागृह. केटररच्या माणसानं पातेलं खाली ठेवलं. भीमाशंकर सर नारळासकट सावधान झाले.

ऋतुराजनी एकदा सभागृहाकडे पाहिलं, एकदा शांतम्माकडे. मग कांडी खाली आणली.

चौथ्या भागाच्या सुरुवातीला दोन मिनिटं शब्द नव्हते, नुसता आकार होता. त्यामुळे कुणालाच खात्री करता येईना. तेवढ्यात तिसऱ्या रांगेतून कुणीतरी मोबाइल वर धरून शूटिंग सुरू केलं. मग दहा मोबाइल, मग पन्नास. पुढे शब्द आले तेव्हा हे राष्ट्रगीत नव्हे, हे सगळ्यांच्या ध्यानात आलं. पण पहिल्यांदा कोण बसणार? उभं राहून गाण्याला दाद दिली, असं नंतर म्हणता येतं. मध्येच बसलेल्या माणसाचा व्हिडिओ निघाला, की म्हणायला काही उरत नाही.

चाळीस गळे होते, माइक चार. पुण्याचे वादक जोर लावून वाजवत होते, तरी वरचढ आवाज कुंभारीचाच होता. कस्तुराबाई शाळेत कधी गेली नव्हती, तिला सगळे शब्द पाठ होते. सातव्या मिनिटाला साहेबांच्या खिशात फोन वाजला, वाजून बंद झाला. अकराव्या मिनिटाला शाल खांद्यावरून घसरली आणि पायांवर पडली. साहेब वाकले नाहीत.

एकोणीस मिनिटं.

शेवटचा सूर थांबला. टाळ्या वाजवायच्या असतात की नाहीत, हे कुणाला कळेना. सगळं सभागृह ताठ उभं राहून स्टेजकडे बघत राहिलं.

शांतम्मानं कपाळाचा घाम पदरानं टिपला, पुढच्या रांगेवर एक नजर फिरवली आणि माइक चालू असतानाच म्हणाली,

"झालं. बसा की आता, साहेब."

साहेब बसले.