सशाचं हसू

पडद्यावरचा गुलाबी ससा पहिल्यांदा हसला आणि आवाजवाल्याच्या तोंडचं पाणी पळालं. हसू त्याच्या मुलीचं होतं.

आधी वाटलं, भास झाला. पोर गेल्यापासून असे भास त्याला जिन्यात, रस्त्यात, कुठेही व्हायचे. पण आयुष्यभर कानांवर पोट भरलेला माणूस तो, कान कधी फसले नव्हते. हसता हसता दम संपला की शेवटी तिला एक उचकी लागायची. सशालाही लागली. मग त्याच्या कापूस भरलेल्या गुबगुबीत पंजात सुरा चमकला आणि घरमालकाचा गळा चिरला गेला. अख्खं थिएटर खो खो हसलं.

सिनेमाच तसला होता. ससा इतका लाघवी की उचलून पापा घ्यावा, आणि घरातल्या एकेकाला मारण्याआधी तो खुदकन हसणार. बघणाऱ्याने हसावं की किंचाळावं, हेच कळू नये म्हणे. खुनांचे आवाज आवाजवाल्याने स्वतः काढले होते. कोबीत सुरी खुपसली की पोट फाटायचं, ओला टॉवेल पिळला की मान मोडायची. हसण्याचं काम त्याच्याकडे नव्हतं, ते नंतर बसवणार होते. आज सिनेमा पुरा झाला म्हणून काम करणाऱ्यांना घरच्यांसकट बोलावलं होतं. "विनोदी आहे, चल, जरा बाहेर पड," अशा मिनतवाऱ्या करून त्याने बायकोला आणलं होतं. पोर गेल्यापासून बाईने उंबरा ओलांडला नव्हता. आज ओलांडला, तर नशिबाने पुढ्यात हे वाढून ठेवलं.

तो पलीकडच्या खुर्चीकडे वळला. तिथे मिक्सिंगचा, म्हणजे सगळे आवाज चित्रावर बसवणारा, नवा पोरगेला माणूस पाय पसरून बसला होता.

"हे हसू कुठून आणलंस?"

"तुमच्याच कपाटातून, मास्तर. डब्यावर लिहिलं होतं, लहान मुलगी, हसू, जवळून. पैसे देऊन पोरं हसवून पाहिली हो, सगळी नाटकी. हे ऐकलं आणि दिग्दर्शक खुर्चीतून उठलेच."

"मूळ फीत कुठाय?"

"तीच कापून लावली ना. प्रत्येक खुनाला वेगळा तुकडा. कॉपी काढायला वेळ कुणाला होता?"

"आणि उरलेली?"

"उरलेली केरात. मध्येच कुणी बाई बोलत होती, ते काय कामाचं?"

दोष तरी कुणाला द्यावा? आवाजवाल्यांची खोडच वाईट. दार करकरलं, फितीवर घेऊन ठेव. शेजारी घोरला, घेऊन ठेव. नवा माइक घरी आणला त्या दिवशी आईने पोरीला गुदगुल्या केल्या, याने ते हसू घेतलं आणि सवयीने स्टुडिओच्या कपाटात टाकलं, दारांच्या आणि पावलांच्या डब्यांशेजारी. ती गेल्यावर डबा उघडायची छाती झाली नाही. बायकोने एकदा विचारलं, तर हरवला म्हणून मोकळा झाला. ऐकून ती उन्मळून पडेल, अशी भीती होती त्याला. डबा घरी आणला असता तर ते हसू निदान त्यांचं दोघांचं राहिलं असतं. आता ते त्या सशाच्या तोंडात होतं, आणि दुसरीकडे कुठेही नव्हतं.

ससा दुसऱ्यांदा हसला. शेजारून बायको अगदी हळू म्हणाली, "पुरे गं, पोट दुखेल."

फितीवर पुढे हेच तर होतं. केरात गेलेली बाई ती हीच.

"चल, ऊठ," तो तिच्या कानाशी म्हणाला. "निघू आपण."

"बसा."

"मी उद्या सकाळी जाऊन ते काढायला लावतो. पाया पडतो दिग्दर्शकाच्या."

"हात लावलात तर याद राखा." तिने त्याच्याकडे पाहिलंही नाही. "हरवलंय म्हणाला होतात."

पडद्यावर सुरा चालला, कोबी चिरला गेला, माणसं पोट धरून हसली. मिक्सिंगवाल्याने कौतुकाने त्याच्या गुडघ्यावर थाप मारली. थिएटरात अंधार होता हे बरं होतं, कारण त्याच्या डोळ्यांना धार लागली होती. बायको मात्र रडत नव्हती. खून झाला की ती डोळे मिटायची, पुढचा माणूस एकटा सापडला की उघडायची. वर्षभर घरात पुतळ्यासारखी वावरलेली बाई, तिच्या गालांवर आता रंग चढला होता. त्याला तिची भीती वाटायला लागली.

शेवटी घरात एकच जण उरली. शिकायला आलेली भाडेकरू पोरगी, कोवळी, अजून शाळेतच शोभावी अशी. ती रक्तावरून घसरत, रांगत मागच्या दाराकडे निघाली आणि ससा तिच्यामागून दुडूदुडू धावू लागला. ती वाचणार, हे आवाजवाल्याला ठाऊक होतं. दाराच्या कडीचा आवाज त्यानेच काढून दिला होता. बाकीच्यांना ठाऊक नव्हतं. माणसं खुर्चीच्या कडेला सरकली. मागून कुणीतरी ओरडलं, "पळ, पोरी, पळ." मग सगळेच ओरडू लागले.

बायको पुढच्या खुर्चीची पाठ घट्ट धरून वाकली होती. तिचे ओठ हलत होते. त्या गलक्यात तिचं बोलणं ऐकू येईना, म्हणून त्याने कान तिच्या तोंडाशी नेला.

"सापड गं बाई," ती विनवत होती. "सापड ना त्याला."