त्याच क्षणी

शैलजाला जन्मापासून दिसत नव्हतं, पण सिनेमाचं भारी वेड. पडद्यावर काय घडतंय ते तिचा नवरा सुधाकर कानात सांगायचा. तो सांगेपर्यंत लोकांचं हसू ओसरलेलं असायचं. मग ती एकटीच हसायची.

आज सांगलीच्या थिएटरात तिने मोबाइलवर नवं ॲप सुरू केलं आणि इअरफोन लावला. पडद्यावर जे जे घडेल, ते इअरफोनमधून एक बाई तिला हलक्या आवाजात सांगू लागली.

मध्यंतरानंतर नवरदेव घोड्यावर उलटा बसला. संवाद एकही नाही, नुसतीच बघायची गंमत. सगळं थिएटर हसलं आणि त्याच क्षणी शैलजाही खळखळून हसली.

सुधाकर सवयीने तिच्याकडे झुकला. "अगं, तो नवरदेव..."

"अहो, गप्प बसा," ती म्हणाली. "मला सिनेमा बघू द्या."